गृहचिंतन : भिंतींत गोठलेला धूर

गेल्या अंकांत पागोळीच्या पाण्याविषयीं आम्हीं जें लिहिलें, त्यावर बरींच पत्रें आलीं आहेत. त्यांचा परामर्श पुढील महिन्यांत घेऊं. या खेपेस योजिलेला विषय बाजूस ठेवावा लागला, कारण दुसराच एक विषय नोटिशीच्या रूपानें आमच्या जिन्याखालच्या फळ्यावर येऊन चिकटला आहे. आमची नवघरची चार मजली इमारत पाडून तेथें नवी उभी करावी, कीं हीच दुरुस्त करून वापरावी, हें ठरविण्यासाठीं सोसायटीची विशेष सभा बोलाविली आहे. सोळा बिऱ्हाडें, त्यांपैकीं नऊ पाडण्याच्या बाजूचीं, चार दुरुस्तीच्या बाजूचीं, आणि आम्ही धरून तिघांचें अद्यापि ठरलेलें नाहीं. आम्हांस एक बिऱ्हाड म्हणावयाचें तें शिधापत्रिकेपुरतें. मतें आमच्या घरांत तीन आहेत. आमचे चुलते एक्याऐंशी वर्षांचे. आम्ही तिसऱ्या मजल्यावर राहतों आणि इमारतीस लिफ्ट नाहीं, त्यामुळें गेल्या गुढीपाडव्यापासून ते खालीं उतरलेले नाहींत. चिरंजिवांस व सूनबाईंस एक खोली अधिक हवी आहे. सौभाग्यवतींस स्वयंपाकघराच्या छतांतून ठिबकणारें पाणी एकदांचें बंद झालेलें हवें. मग तें कोणत्या मार्गानें होवो.

या तिन्ही मागण्या रास्त आहेत. पण जेवणें झाल्यावर बोलणें रंगांत आलें असतां आमच्या धाकट्या बंधूंनीं, जे बांधकाम खात्यांत तीस वर्षें काढून निवृत्त झाले आहेत, एक वाक्य टाकलें आणि सगळे गप्प झाले. ते म्हणाले, "दादा, या भिंतींचा धूर केव्हांच वर जाऊन चुकला आहे. पाडल्या तर तेवढाच धूर पुन्हां काढावा लागेल, एवढें धरून हिशेब करा." त्या रात्रीं आम्ही हिशेबास बसलों, तोच हा लेख.

प्रथम स्थळाविषयीं थोडें. खाडीपलीकडे वसईच्या बाजूसहि एक नवघर आहे, माणिकपुराच्या जोडीनें ज्याचें नांव घेतात तें. आमचें नवघर अलीकडचें, भाईंदर पूर्वेचें. एके काळीं येथें शेतें, खाजण आणि मिठागरें. मीरा-भाईंदरची नगरपरिषद 1985 सालीं झाली, आणि महानगरपालिका 2002 सालीं. लोकवस्ती 1991 मध्यें पावणेदोन लाखांच्या आसपास होती, ती 2001 मध्यें पांच लाख वीस हजारांवर आणि 2011 मध्यें आठ लाखांवर गेली. गिरगांव-दादरला ज्यांस जागा परवडेनाशी झाली त्यांनीं पश्चिम रेल्वेचा पास काढून येथें घर केलें, आम्हीहि त्यांतलेच. चार मजले, प्रत्येक मजल्यावर चार बिऱ्हाडें, वर गच्ची, आणि खिडकीवर बोटभर जाडीचा छज्जा, असें त्या वेळच्या इमारतींचें ठराविक रूप. त्या घाईघाईनें उभ्या राहिल्या. पुष्कळ ठिकाणीं खाडीची रेती नीट न धुतां वापरली गेली आणि सिमेंटास पाणी मारण्यांत कसूर झाली. आतां त्या सगळ्या एकाच वयाच्या झाल्या आहेत, आणि गल्लोगल्लीं एकाच तऱ्हेची नोटीस लागत आहे.

आतां तो धूर म्हणजे काय, तें पाहूं. जगांत ऊर्जा आणि उद्योग यांपासून जो कर्बवायु, म्हणजे कार्बन डायॉक्साइड, हवेंत जातो त्यांतला सुमारें एकतृतीयांश इमारतींच्या पदरीं पडतो. त्यांतला मोठा भाग दिवे, पंखे, वातानुकूलन व स्वयंपाक यांचा; उरलेला बांधणीचा. एकट्या सिमेंटचा वाटा जगाच्या कर्बवायूंत सात-आठ टक्के आहे, आणि सिमेंट करण्यांत चीनच्या खालोखाल आपल्याच देशाचा क्रम लागतो.

सिमेंटांतून इतका वायु कां निघावा, याचें कारण कोळशाच्या भट्टींत अर्धेंच आहे. खरें कारण दगडांत आहे. चुनखडी भाजली म्हणजे तिच्यांत बांधलेला कर्बवायु सुटतो आणि चुना उरतो. शुद्ध चुनखडी शंभर किलो घेतली तर छपन्न किलो चुना हातीं येतो आणि चव्वेचाळीस किलो वायु आकाशांत जातो. भट्टी सूर्याच्या उष्णतेवर चालविली तरी हे चव्वेचाळीस किलो सुटल्यावांचून राहणार नाहींत. पुढें हाच चुना चिकणमातीबरोबर सुमारें 1450 अंशांपर्यंत तापविला कीं त्याचे काळसर खडे होतात. त्यांस क्लिंकर म्हणतात. ते दळले कीं सिमेंट. साधें, कांहींहि न मिसळलेलें सिमेंट एक किलो करावयास सुमारें पाऊण ते नऊ दशांश किलो कर्बवायु सुटतो, असा हिशेब धरतात. लोखंडाचें गणित याहून जड आहे. दगडी कोळशाच्या झोतभट्टींतून निघालेल्या एक किलो पोलादामागें दोन किलोंहून अधिक.

बंधूंनीं मग कंत्राटदारांचा ठोकताळा सांगितला. आपल्याकडच्या साध्या इमारतीस बांधकामाच्या दर चौरस फुटामागें सिमेंटची चार दशांश गोणी आणि साडेतीन ते चार किलो सळई लागते. आमचें घर बांधकामाच्या मापानें सहाशें चौरस फूट. म्हणजे दोनशें चाळीस गोण्या, बारा टन सिमेंट. त्याचा कर्बवायु दहा टन. सळई सुमारें दोन टन चारशें किलो. तिचा पांच टन. एकूण पंधरा टन झाले, आणि यांत विटा, लाद्या, कांच, अॅल्युमिनियम व ट्रकांचें तेल धरलेलेंच नाहीं. आतां दुसरी बाजू. आमच्या एकत्र कुटुंबास महिन्यास दोनशें युनिट वीज लागते, वर्षास चोवीसशें. आपल्याकडची वीज अद्यापि बहुतांशीं कोळशाची असल्यामुळें एका युनिटामागें सुमारें सात दशांश किलो कर्बवायु धरावा लागतो. म्हणजे वर्षास एक टन सहाशें ऐंशी किलो. भागाकार केला तेव्हां आम्ही चकित झालों. घरांतल्या प्रत्येक दिव्यानें, पंख्यानें, फ्रिजनें आणि मिक्सरनें नऊ वर्षांत जें करावें, तें भिंती आणि स्लॅब यांनीं आम्ही राहावयास येण्यापूर्वींच करून ठेवलें होतें. पंखा चालूं राहिला म्हणून आम्ही मुलांस आयुष्यभर बोलत आलों!

कोणी म्हणेल, पूर्वींचीं घरें काय धुराशिवाय होत होतीं? नव्हतीं, चुन्याची भट्टीहि धुमसतच असे. पण त्यांत एक भेद आहे. कोंकणांत शिंपले भाजून चुना करीत, तो भिजवून बैलाच्या घाणीवर मळीत, प्रसंगीं त्यांत गूळ आणि बेलफळाचा गर घालीत. हा चुना भिंतींत गेल्यावर हवेंतला कर्बवायु हळूहळू परत ओढून घेतो आणि पुन्हां दगड होतो; किंबहुना त्याचें घट्ट होणें म्हणजेच तें ओढून घेणें. लांकडाचा धूर गेला तो गेला, पण दगडांतून निघालेला वायु पुष्कळसा दगडांत परत येतो. खाडी ओलांडली कीं वसईचा किल्ला आहे. 1739 सालीं चिमाजी अप्पांच्या फौजांनीं जे तट घेतले, ते पोर्तुगीजांचे दगड-चुन्याचे तट पावसाखालीं अद्यापि उभे आहेत. आमची इमारत मात्र चाळिशींतच वांकली. येथें कोणी जुन्याचा अभिमान धरून बसूं नये. आठ लाख लोकांस चुन्याचे वाडे बांधून देतां येणार नाहींत, आणि वाड्यांतल्या अंधाऱ्या बाळंतिणीच्या खोल्या आम्हीं लहानपणीं पाहिलेल्या आहेत.

सिमेंटहि हवेंतला कर्बवायु थोडाथोडा शोषतें. परंतु चुन्यास जें पथ्य तेंच लोखंडी काँक्रीटास कुपथ्य ठरतें. काँक्रीटांतली सळई गंजत नाहीं ती सिमेंटच्या क्षाराच्या कवचामुळें. कर्बवायु आंत मुरत सळईपर्यंत पोंचला कीं तें कवच निकामी होतें. त्यांत खाडीच्या रेतींतला आणि समुद्री वाऱ्यांतला खारा अंश मिळाला, वरून संडासाचें पाणी झिरपलें, म्हणजे गंज धरलाच. गंज मूळ लोखंडापेक्षां कितीतरी अधिक जागा घेतो. तो आंतून रेटतो आणि काँक्रीटाचा पापुद्रा उडतो. आमच्या स्वयंपाकघरांत गेल्या वर्षीं पोळीएवढा पोपडा पडला, तो सुदैवानें ओट्यावर पडला. पाटावर कोणी बसलेलें नव्हतें. तेव्हां इमारतीचें मरण बहुधा पाण्यांतून येतें, वयांतून येत नाहीं. गच्चीचा कोबा फुटला, पावसाच्या पाण्याचा नळ तुंबला, मोरीची लादी निघाली, या तीन गोष्टींकडे पंधरा वर्षें दुर्लक्ष झालें कीं पुढें पंधरा टनांचें पाप माथीं येतें. सोसायटीच्या सभेंत दुरुस्तीनिधि दरमहा शंभर रुपयांनीं वाढविण्यास आम्हींच एकदां विरोध केला होता, हें येथें कबूल करणें प्राप्त आहे.

आतां मुद्द्याचा प्रश्न: आमची इमारत वाचण्यासारखी आहे काय? याचें उत्तर भावनेनें द्यावयाचें नसतें. तीस वर्षांवरील इमारतीची तज्ज्ञाकडून तपासणी करून घेणें महाराष्ट्रांत कायद्यानें बंधनकारक आहे. तपासणींत काँक्रीटावर हातोड्यानें ठोकून, कंपनलहरी सोडून आणि नमुने कापून पाहतात, आणि इमारतीस चारांपैकीं एक वर्ग देतात. सी-1 म्हणजे ताबडतोब रिकामी करून पाडावयाची. सी-2-ए म्हणजे रिकामी करून मोठी दुरुस्ती. सी-2-बी म्हणजे राहते घर न सोडतां दुरुस्ती. सी-3 म्हणजे किरकोळ डागडुजी. सी-1 चा शेरा असेल तर कर्बवायूचा हिशेब मुळींच काढूं नये. भांडींकुंडीं उचलावीं आणि बाहेर पडावें. आमच्या इमारतीस सी-2-बी मिळाला आहे. म्हणजे कांहीं कॉलम सोलून, सळया घासून, त्यांस गंजरोधक लेप देऊन, नवें काँक्रीट चढवून, गच्ची व मोऱ्या पाणबंद करून ती आणखी वीस-एक वर्षें निर्वेध चालेल, असें तपासनीसांचें म्हणणें. दुरुस्तीस सिमेंट व लोखंड लागतेंच. पण बंधूंच्या अंदाजानें तें नव्या बांधणीच्या दहाव्या हिश्शाहून अधिक नसेल.

मग नऊ बिऱ्हाडें पाडण्याच्या बाजूस कां? कारण उघड आहे, आणि त्यांत लाजण्यासारखें कांहीं नाहीं. दुरुस्तीचे पैसे आपल्या खिशांतून जातात. पाडण्यास विकासक येतो, तो उलट पैसे देतो. चटईक्षेत्राचा निर्देशांक वाढला आहे. तीच जमीन चारांऐवजीं पंधरा-वीस मजले वाहूं शकते, आणि वरच्या मजल्यांच्या विक्रींतून आम्हांस नवें घर फुकट मिळतें. पेन्शनीवर जगणाऱ्या गृहस्थास दोन लाख रुपये दुरुस्तीवर्गणी भरा आणि पृथ्वीचें कल्याण करा, असें सांगणें सोपें नाहीं. आमच्या मतें दोष त्या गृहस्थाचा नव्हे. पाडण्यास बक्षीस आणि जपण्यास दंड, अशी जी व्यवस्था आपण करून ठेवली आहे तिचा आहे. जी सोसायटी इमारत जपते तिला घरपट्टींत सूट किंवा अल्प व्याजानें कर्ज मिळेल, तर पुष्कळ सभांचे निकाल बदलतील.

बंधूंचा आक्षेप मात्र याहून जबर होता. ते म्हणाले, "दादा, वरचे मजले नुसते नफ्यासाठीं नसतात, त्यांत माणसें येऊन राहतात. येथें उंच बांधलें नाहीं तर तीं घरें कोठें होतील? मिठागरांत भराव घालून. तेथें रस्ता नवा, गटार नवें, नळ नवा, आणि तिवरांची झाडें जातील तीं निराळींच." यास आम्हांस तात्काळ उत्तर सुचलें नाहीं, आणि पूर्ण उत्तर अजूनहि नाहीं. स्टेशनापासून चालत जातां येईल अशा जागीं अधिक माणसें राहावीं, हें खरेंच. म्हणून जी इमारत खरोखर संपली आहे ती पाडून तिच्या जागीं उंच बांधावें. पण जिच्यांत वीस वर्षें शिल्लक आहेत, ती नुसत्या निर्देशांकासाठीं आजच पाडण्याची घाई आम्हांस पटत नाहीं. आणि याचें कारण असें कीं सिमेंट स्वतःच बदलत चाललें आहे.

हा भाग आमच्या वाचकांनीं, विशेषतः ज्यांच्या घरीं नोटीस लागली आहे त्यांनीं, लक्षपूर्वक वाचावा. सिमेंटांतला क्लिंकर जितका कमी, तितका वायु कमी. साध्या सिमेंटांत क्लिंकर नव्वद टक्क्यांच्या वर असतो. गोणीवर 'पी.पी.सी.' लिहिलें असेल तर त्यांत वीजकेंद्रांच्या कोळशाची राख पंधरापासून पस्तीस टक्क्यांपर्यंत मिसळलेली असते. डहाणूच्या वीजकेंद्रासारख्या ठिकाणीं ही राख ढिगानें निघते. 'पी.एस.सी.' असेल तर पोलादाच्या भट्टींतली मळी, तीहि निम्म्याहून अधिक असूं शकते. आणि खाऱ्या हवेंत असें सिमेंट उलट अधिक टिकतें, जें आमच्या नवघरास विशेष उपयोगाचें. तिसरा प्रकार अगदीं नवा. भाजलेली चिकणमाती आणि न भाजलेली चुनखडी मिसळून क्लिंकर निम्म्यावर आणतां येतो, आणि कर्बवायु तीस ते चाळीस टक्के वांचतो. स्वित्झर्लंड व क्यूबा येथील संशोधकांबरोबर दिल्ली आणि मद्रास येथील आय.आय.टी. यांनीं या कामीं पुष्कळ वर्षें खर्चिलीं, आणि 2023 सालीं त्यास भारतीय मानकाची मान्यता मिळाली. आणखी दहा-पंधरा वर्षांनीं हें सिमेंट गल्लींतल्या दुकानांत मिळूं लागलें, आणि पोलादहि अधिकाधिक मोडींतून, विजेच्या भट्टींत होऊं लागलें, तर तेव्हां बांधलेलें घर आजच्यापेक्षां पुष्कळ हलकें असेल.

एक सावधगिरी सांगितली पाहिजे. मिश्र सिमेंट सावकाश घट्ट होतें. साध्या सिमेंटास सात दिवस पाणी मारावें लागतें, तर यास निदान दहा. घाईचा कंत्राटदार तिसऱ्या दिवशीं पाणी थांबवितो आणि मग दोष राखेस देतो. ज्यांचें काम चालूं असेल त्यांनीं गोणीवरचीं अक्षरें वाचावीं आणि रोज सायंकाळीं एकदां स्लॅब ओला आहे कीं नाहीं तें पाहावें. आमच्या मतें दहा सभांपेक्षां या फेरीचा उपयोग अधिक.

नव्या इमारतीच्या नकाशांतहि पुष्कळ कांहीं आहे. तळाशीं मोटारींसाठीं दोन-तीन मजले खालीं खणणें म्हणजे नुसतें काँक्रीट जमिनींत ओतणें होय. स्टेशनापासून दहा मिनिटांवर राहणाऱ्या कितीजणांस मोटार लागते, तें आधीं मोजावें. भिंतींस लाल विटांऐवजीं राखेच्या विटा, किंवा बाजारांत ज्यांस सरसकट सिपोरेक्स म्हणतात ते हलके ठोकळे वापरले, तर भिंतींचा भार कमी होऊन सळईहि कमी लागते. पश्चिमेच्या बाजूस कांचेचे पडदे नकोत. छज्जा, जो आमच्या जुन्या इमारतीस आहे आणि नव्या चित्रांत कोठेंच दिसत नाहीं, तो परत यावा. समोरासमोर दोन खिडक्या असल्या तर एप्रिल-मे सोडून वातानुकूलनाची गरज फारशी पडत नाहीं. 2018 सालीं केंद्र सरकारनें राहत्या घरांसाठीं 'इको-निवास संहिता' काढली, तिचा रोख हाच आहे: भिंतींतून उष्णता किती शिरते आणि खिडकींतून वारा किती येतो. विकासकाच्या माणसास आम्हीं त्या संहितेविषयीं आणि सिमेंटच्या जातीविषयीं विचारलें. त्यानें दोन्ही प्रश्न वहींत टिपून घेतले आणि लिफ्टच्या आरशाचा विषय काढला.

गच्चीचें मात्र आम्हीं सभेची वाट न पाहतां ठरवून टाकलें. दिवाळीनंतर कोबा उकरून नवा करावयाचा, आणि वर फुटक्या पांढऱ्या चिनी लाद्यांचे तुकडे बसवावयाचे. पांढरा पृष्ठभाग ऊन परतवितो, पाणीहि थोपवितो, आणि फुटक्या लाद्या बाजारांत पडत्या भावानें मिळतात. पत्र्याची शेड घालावी असें कांहींचें म्हणणें होतें. परंतु समुद्री वाऱ्यांत पत्रा किती वर्षें टिकतो तें शेजारच्या इमारतीकडे पाहून सर्वांच्या लक्षांत आलें.

राहतां राहिले आमचे चुलते. ही सगळी आंकडेमोड त्यांनीं आरामखुर्चींत पडून ऐकली. शेवटीं म्हणाले, "तुमचे टन तुम्ही सांभाळा. मला विठ्ठलमंदिरांत काकडआरतीस जावयाचें आहे. कार्तिक लागण्यापूर्वीं खालीं उतरतां येईल कीं नाहीं, तेवढें सांगा." नवी इमारत झाली तर त्यांस लिफ्ट मिळेल खरी, पण त्याआधीं तीन-चार वर्षें भाड्याच्या घरांत काढावीं लागतील, आणि एक्याऐंशीव्या वर्षीं तीन-चार वर्षें म्हणजे काय, तें ते जाणतात. चिरंजिवांचें तोंड उतरलें. त्यांसच मग सुचलें कीं जुन्या इमारतींस जिन्याच्या बाहेरून लोखंडी सांगाड्याची छोटी लिफ्ट बसवितात, ती आपल्या येथें बसेल काय? कार्तिकापर्यंत ती होणें नाहीं. तोंवर दोघे पुतणनातू त्यांस खुर्चींतून उतरवितील, असें ठरलें. बाहेरच्या लिफ्टसाठीं पायाखालची जमीन, महानगरपालिकेची परवानगी आणि तळमजल्यावरच्या बिऱ्हाडाच्या खिडकीचा उजेड, अशा तीन अडचणी आहेत. खर्च सोळा जणांत वांटला तर दुरुस्तीवर्गणीच्या निम्म्याहून कमी पडेल, असा बंधूंचा तर्क. येत्या रविवारीं ते टेप घेऊन जिन्याच्या मागची जागा मोजणार आहेत, आणि तळमजल्यावरच्या वहिनींस आम्हीं चहास बोलाविलें आहे.